वहिनींनी टाइप केलेले धवले

आमच्या घरचा कॉम्प्युटर माझ्या हातून बिघडला होता, वहिनींच्या नाही. हे वाक्य मी आज पहिल्यांदा लिहितो आहे. बोललो तर कधीच नाही, बायकोजवळसुद्धा नाही. सोळा-सतरा वर्षं आमच्या घरात एक गोष्ट खरी धरली गेली आहे. ती खोटी आहे हे ठाऊक असलेला मी एकटाच. चाळिशी उलटली, केस पिकले, शहापुरात माझं स्वतःचं रिपेअरिंगचं दुकान झालं. लोक मला ‘दिनेशभाऊ, तुमच्याकडं काम चोख असतं’ म्हणतात, आणि दरवेळी मला घरच्या ओटीवरचं ते टेबल आठवतं.

आमचं गाव शहापूर आणि आसनगाव यांच्या मधलं. आई मी लहान असतानाच गेली. आम्हा दोघा भावांना वाढवलं ते आत्यानं, म्हणजे आप्पांच्या, आमच्या वडिलांच्या, थोरल्या बहिणीनं. तिचं सासर गावातच, आमच्या मागच्या आळीत, पण सकाळची चहाची वेळ ते संध्याकाळची दिवेलागण ती आमच्याकडेच असायची. तांदळाच्या भाकरीचा तिच्या हाताखालचा आवाज मला अजून ऐकू येतो. ती भाकरी थापत नसे, पाण्याच्या हातानं फिरवत नेई आणि शेवटी एक हलकी चापट मारी. चुलीच्या वैलावर सुकट भाजत पडलेली, शेजारी वालाचं बिरडं, आणि आप्पा जेवायला बसले की तिचं ठरलेलं बोलणं, “गुरुजी, आधी जेवा. मग शिकवा जगाला.” आप्पा प्राथमिक शाळेत शिक्षक होते. सख्खा भाऊ असूनही ती त्यांना गुरुजीच म्हणायची, आणि त्यात अर्धा मान, अर्धी थट्टा असायची.

आत्या धवलारीण होती. आमच्याकडे लग्नात हळद दळण्यापासून मांडव उठेपर्यंत एकेका विधीचा वेगळा धवला असतो, तो गाणारी बाई म्हणजे धवलारीण. भटजी असो नसो, ती लागतेच. उंबराची फांदी मांडवात आली की तिचा एक धवला, तेलवणाचा एक, नवऱ्या मुलाला आंघोळ घालतानाचा एक. त्यात आधी सगळ्या देवांना हाका मारून बोलवायचं आणि मग लग्न पुढं न्यायचं. आत्याला असे शंभराच्या आसपास धवले येत. कुठं लिहिलेलं काही नव्हतं. तिला तिच्या सासूनं दिलं होतं, सासूला आणखी कुणी. आणि तिचा एक नियम होता, लग्न नसेल तर धवला गायचा नाही. आप्पांनी कितीदा तरी म्हटलं, ताई, दुपारी निवांत बस आणि म्हण, मी लिहून घेतो. ती म्हणायची, “देव काय रिकामे बसलेत? हाका मारल्या, ते आले, न् हितं नवरी नाय, नवरा नाय. मग त्यांस काय सांगू, गुरुजींना वहीत लिवायचं होतं म्हणून बोलवलं?” आप्पा हसून वही मिटत.

आप्पा निवृत्त झाले त्याच वर्षी दादाचं लग्न झालं आणि वहिनी आल्या. त्या मुरबाडच्या बाजूच्या, म्हशाजवळच्या. लग्नाआधी मुरबाडला क्लास लावून मराठी टायपिंगची परीक्षा पास झालेल्या. कुठल्या तरी कचेरीत बसायचं त्यांच्या मनात होतं, ते लग्नामुळे मागं पडलं. प्रमाणपत्र मात्र त्यांनी पत्र्याच्या पेटीत साडीच्या घडीत ठेवलेलं होतं. आप्पांना ते कळलं तेव्हा त्यांनी ते मागवून घेतलं, चष्मा लावून वाचलं आणि शाळा तपासणीला आलेल्या साहेबासारखे म्हणाले, “वा. आपल्या घरात हे कुणाला येत नव्हतं.” सून म्हणून वहिनींना या घरात मिळालेली ती पहिली शाबासकी असावी.

मी तेव्हा शहापुरात एका कॉम्प्युटरच्या दुकानात कामाला होतो. सुटे भाग जमवून मी घरी एक कॉम्प्युटर उभा केला. तो ओटीवर टेबलावर बसला, त्याच्यावर आत्याच्या जुन्या लुगड्याचा तुकडा झाकणाला आला, दसऱ्याला हळदकुंकू लागलं. लाइट गेली की त्याची बॅटरी टीं टीं करू लागे आणि आत्या आतून ओरडे, “दिन्या, तुझं पोर रडतंय रे, घे त्याला.” आप्पांनी पहिल्याच दिवशी विचारलं होतं, “हे आतलं सगळं रीतसर आहे ना? पावतीचं?” मी म्हणालो, “रीतसर आहे, आप्पा.” आमच्या दुकानात रीतसर म्हणजे काय हे कुणी विचारतच नसे. सॉफ्टवेअरची एक चोरटी सीडी होती, तीच तालुकाभर फिरली होती.

मग वहिनींचं काम सुरू झालं. तुळशीच्या लग्नापासून जेठापर्यंत जिथं जिथं आत्याला बोलावणं येई तिथं वहिनी बरोबर जात, पिशवीत छोटा टेपरेकॉर्डर घेऊन. आत्याची याला हरकत नव्हती. लग्न खरं असलं म्हणजे झालं, ऐकणारा माणूस आहे की यंत्र याच्याशी देवांना काय, असं तिचं म्हणणं. दुपारी जेवणं उरकली की वहिनी ओटीवर बसत, दोन ओळी ऐकत, टेप थांबवत आणि टाइप करत. शब्द अडला की आत्याला विचारत. गाणं नाही, पण सुटा शब्द सांगायला आत्या तयार असायची. ती सुपात तांदूळ निवडत सांगायची आणि मध्येच म्हणायची, “गो, मी सांगते तवर तुझी बोटं पुढं पळतात. चुकीचं लिवशील न् म्हातारीचं नाव खराब करशील.” वहिनी हसत. त्या दुपारी आमचं घर फार सुखी होतं. निवडणाऱ्या हाताची सळसळ, कळफलकाची टकटक, आप्पांचं मागं उभं राहून मान डोलावणं. मी सुट्टीच्या दिवशी पलीकडे पडून हे ऐकत असे आणि आपणच हे सगळं जमवून आणलं याचा मला मोठेपणा वाटे.

त्या मोठेपणातच मी एक गोष्ट बोललो. कॅसेटी तीनच होत्या, आणि एक हंगाम संपेपर्यंत त्या भरल्या. वहिनींनी विचारलं, “भाऊजी, ह्याच्यावरनं दुसरं रेकॉर्ड केलं तर चालंल? आधीचं जाईल ना?” मी म्हणालो, “एकदा कॉम्प्युटरात गेलं की कायमचं गेलं, वहिनी. कॅसेट पुसा बिनधास्त.” त्यांनी पुसली. पुढंही पुसत राहिल्या. एक-दोनदा त्या म्हणाल्याही, “शीडी तरी काढून ठेवा ना सगळ्याची.” मी म्हटलं, काढू, कुठं पळून चाललंय. माझ्या दुकानात कोऱ्या सीड्यांचा ढीग होता.

ब्याण्णव धवले झाले होते. आप्पांनी मुरबाडच्या आपल्या एका जुन्या सहकाऱ्याला, तेही निवृत्त शिक्षक, रविवारी जेवायला बोलावलं. पुस्तक करायचं तर कसं, हे बोलायला. त्याच आठवड्यात कॉम्प्युटरचा पडदा काळा झाला आणि कोपऱ्यात इंग्रजीत अक्षरं उमटली की ही प्रत अस्सल नाही. आप्पांनी ती दोनदा वाचली. “दिनेश, हे काय म्हणतंय?” मी म्हणालो, “ते असंच येतं, अपडेटचं आहे. घालवतो.” ते चष्मा पुसत राहिले. रविवारी पाहुण्यांसमोर ती ओळ दिसली असती तर मी खोटारडा ठरलो असतो. मला फक्त तेवढं टाळायचं होतं. खरं सांगून रीतसर प्रत घालता आली असती, आप्पा त्याला तयार होते. मला कबूल करायचं नव्हतं, एवढंच.

शनिवारी दुकानातून मी इंटरनेटवर शोधून एक ॲक्टिव्हेटर उतरवून घेतला, म्हणजे अस्सल नसलेल्या प्रतीला अस्सल असल्याचं भासवणारा छोटा प्रोग्राम. बरोबरच्या चिठ्ठीत पहिलीच सूचना होती, अँटिव्हायरस बंद करा. यात मला काही वावगं वाटलं नाही. आमचे शेठच म्हणायचे, “अँटिव्हायरस भुंकला म्हणजे समजायचं, क्रॅक चांगला आहे.” घरी लावल्यावर तो भुंकलाच, लाल चौकोन आला. मी त्याला बंद केलं, त्या प्रोग्रामनं जे जे विचारलं त्याला हो म्हटलं, मशीन बंद करून चालू केलं. पडदा पुन्हा निळा. अँटिव्हायरस परत चालू केला असता तर त्यानं ॲक्टिव्हेटर खाल्ला असता आणि काळा पडदा परत आला असता, म्हणून तो मी बंदच ठेवला.

आज माझ्या दुकानात कुणी ‘क्रॅक मारून द्या ना’ म्हणून आलं की मी नाही म्हणतो. ते हसतात, म्हणतात, सगळे देतात, तुम्हीच शहाणे. मी त्यांना समजावतो की दादा, ज्याला तुम्ही कुलूप फसवायला आत घेता त्याला आधी राखणदार झोपवावा लागतो आणि सगळ्या घराच्या किल्ल्या द्याव्या लागतात. मग तो कुलपाशीच थांबेल असं त्यानं कुठं लिहून दिलंय? दिसणारं काम तो करतो, तुम्ही खूश होता, आणि न दिसणारं काम तो तुमच्या पाठीमागं करतो. कुणाचे पासवर्ड जातात, कुणाच्या फायली. हे मी इतकं मनापासून सांगतो की माणसं जरा दचकतात.

रविवार मात्र झकास गेला. पहिल्या पावसातल्या शेवळांच्या रानभाजीचे दिवस होते. आत्यानं काकडं, म्हणजे शेवळांची खाज मारणारी आंबट रानफळं, ठेचून घालून भाजी केली होती, घशाला न खवखवणारी. पाहुणे गुरुजी तीन वाट्या जेवले. मग वहिनींनी एकेक फाइल उघडून दाखवली. ते वाचता वाचता म्हणाले, “माझ्या आईच्या तोंडचं आहे हे. या सूनबाईच्या हातांना नमस्कार केला पाहिजे.” वहिनी पदर सावरत आत पळाल्या. आप्पांनी माझ्याकडं बघून समाधानानं मान डोलावली.

तीन-चार आठवड्यांनी वहिनी माहेरी जाऊन आल्या. त्यांच्या भावाच्या लग्नाचे फोटो फोटोग्राफरनं पेनड्राइव्हवर दिले होते. तो लावून आम्ही सगळ्यांनी फोटो पाहिले, दादाच्या नाचावर पोट धरून हसलो, आणि वहिनींनी पेनड्राइव्ह काढून पेटीत ठेवला. दोन दिवसांनी दुपारी त्यांचा दुकानात फोन आला. “भाऊजी, फाँट गेला वाटतं. सगळे चौकोन दिसतात.” तेव्हा मराठी फाँट जायचाच सारखा, मजकूर शाबूत असून नुसते चौकोन दिसायचे. मी म्हणालो, राहू द्या, संध्याकाळी टाकतो.

संध्याकाळी फाँट टाकला. चौकोन तसेच. दुसरी फाइल, तिसरी, विसावी. नावं जागच्या जागी होती, ‘हळद’, ‘उंबर’, ‘तेलवण’, वहिनींनी किती नीट दिलेली. आत कचरा. लांब धवला असो की चार ओळींचा, प्रत्येक फाइल अगदी सारख्याच आकाराची. आप्पा मागं उभे होते. “कशानं झालं?” मी काही म्हणायच्या आत वहिनीच बोलल्या, अगदी हळू, “परवा तो पेनड्राइव्ह मी लावला होता. त्यानं तर नाय ना झालं?” त्या दिवसांत पेनड्राइव्हमधून व्हायरस येतो हे शाळेतल्या पोरांनाही माहीत होतं. मी म्हणालो, “बघतो.”

दुसऱ्या दिवशी मी हार्डडिस्क आणि तो पेनड्राइव्ह, दोन्ही दुकानात नेलं. पेनड्राइव्ह तपासला. त्यात लग्नाच्या फोटोंशिवाय काही नव्हतं, एकूण एक फोटो उघडत होता. डिस्क तपासली. अँटिव्हायरसनं एकच जागा लाल केली, ॲक्टिव्हेटरचा फोल्डर. त्यात मी न टाकलेला एक प्रोग्राम बसलेला होता आणि त्याच्यावर तारीख होती त्या शनिवारची. कल्याणला एकाकडे डिस्क पाठवून पाहिली. तोही म्हणाला, मूळ मजकुरावर दुसरंच लिहिलं गेलंय, आता काही निघणार नाही. पण ती नंतरची गोष्ट. त्या संध्याकाळी मी घरी निघालो तो सांगायचं ठरवूनच. वाक्यसुद्धा तयार केलं होतं.

जेवायला बसलो होतो. वहिनी वाढत होत्या. आप्पांनी भाकरीचा तुकडा मोडला आणि माझ्याकडे न बघता विचारलं, “त्या पेनड्राइव्हमधूनच आलं ना रे?” माझ्या तोंडात घास होता. मी तो गिळला आणि म्हणालो, “असेल.”

एवढंच. मी वहिनींचं नाव घेतलं नाही, आरोप केला नाही. घासाबरोबर एक शब्द बाहेर पडला आणि त्यावर घर उभं राहिलं. वहिनींच्या हातातली कढई तिथंच थांबली. आप्पा त्यांना म्हणाले, “असू दे, बाय. तुला काय ठाऊक.” त्यांनी रागवायला हवं होतं, मग कदाचित मी बोललो असतो. त्यांनी वहिनींना माफ केलं. वहिनींनी जे केलंच नव्हतं त्याची माफी त्यांना मिळाली, ती त्यांनी मान खाली घालून घेतली, आणि माझ्या पानात आणखी एक भाकरी वाढली.

दादानं त्याची थट्टा केली. “माहेरून माणसं पापड-लोणचं आणतात. हिनं रोग आणला.” सगळे हसले, वहिनीही हसल्या. ते वाक्य आमच्या घरात राहिलं. सणावाराला, पाहुण्यांसमोर, अजून निघतं. दादाच्या मनात वाईट काही नाही, त्याला खरं माहीतच नाही.

वहिनी त्या दिवसानंतर टेबलापाशी बसल्या नाहीत. मी मशीन पुन्हा चांगलं करून दिलं, या वेळी खरोखर रीतसर. म्हटलं, वहिनी, बसा ना. “नको भाऊजी, माझ्या हातानं परत काय झालं म्हणजे?” त्याच सुमारास शेजारच्या पंचायतीत कॉम्प्युटरवर बसायला टायपिंग येणारी बाई हवी होती. सरपंच आप्पांचे विद्यार्थी. घरी आले, चहा घेतला, विचारलं, “गुरुजी, तुमच्या सूनबाईंना येतं म्हणतात.” मी तिथंच होतो. आप्पांना खोटं बोलायचा सराव नव्हता. “येतं. पण हात जरा उतावीळ आहे,” ते म्हणाले. “सरकारी कागद असतात, जपून केलेलं बरं.” सरपंचांनी दुसरी बाई घेतली. आतल्या दाराशी वहिनी चहाचे कप न्यायला उभ्या होत्या. त्यांनी कप नेले.

त्या वर्षी तुळशीच्या लग्नाला आत्या अंगणात आली आणि वहिनींना म्हणाली, “वही आण गो.” वहिनींनी विचारलं, आज कुणाचं लग्न? आत्या म्हणाली, “तुळस काय नवरी नाय? हिचं पण लगीनच हाय. मी गाते, तू हातानं लिव. ते यंत्र नको आपल्याला.” ती गायली, पण तिचा दम गेला होता, आणि धवले एकमेकांत मिसळू लागले होते. मांडवाचा म्हणता म्हणता ती हळदीच्या धवल्यात शिरायची, थांबायची, “काय गो पुढं?” म्हणून वहिनींनाच विचारायची. वहिनींना टाइप केलेलं बरंचसं पाठ होतं. दोघींनी मिळून चौदा धवले वहीत आणले. मी दाराआडून ऐकत होतो. कोणी मला बोलावलं नाही, मीही पुढं झालो नाही. सगळं आटोपल्यावर आत्या माझ्यापाशी आली, हातावर उसाचं कांडं ठेवलं आणि म्हणाली, “दिन्या, तू हल्ली बोलत का नाय रे घरात?” मी म्हणालो, काम फार असतं. ती पुन्हा तुळशीकडे वळली. पुढच्या लग्नसराईआधीच ती गेली. आप्पा त्यानंतर सहा वर्षं होते. सहा वर्षं मी रोज त्यांच्यासोबत जेवलो.

हे आता लिहायला बसलो त्याला कारण माझी पुतणी. ती कॉलेजात आहे. मागच्या महिन्यात तिनं लॅपटॉप आणला आणि आईला म्हणाली, “मम्मी, तुझ्या त्या वहीतले धवले टाइप करू. तुला येतं ना टायपिंग, तू बस.” वहिनींनी हात पदरात घेतले. म्हणाल्या, “मला नको देऊस बाय. माझ्या हातनं बिघडतं.” दादा हसला आणि त्यानं ते पापड-लोणच्याचं वाक्य म्हटलं. मी समोर बसून चहा पीत होतो. चहा संपवला आणि दुकानात आलो.

आप्पांना आणि आत्याला मी सांगायला हवं होतं, ते आता होणार नाही. वहिनी आहेत. त्यांच्यासमोर, दादा आणि त्यांची मुलगी ऐकत असताना, मी सांगायचं आहे की तो रोग मी आणला, त्यांचा हात कधीच चुकला नव्हता, आणि हे मला दुसऱ्याच दिवशी कळलं होतं. एवढं मी त्यांचं देणं लागतो. अजून दिलेलं नाही.